बुलपेनमधला कॅचर : काही गैरसमज आणि वस्तुस्थिती

बारामती-इंदापूरकडे बेसबॉल म्हटलं की आता कुणी ‘हे काय असतं?’ असं विचारत नाही. शालेय क्रीडा स्पर्धांत हा खेळ आहे, कॉलेजांचे संघ आहेत, आणि बारामतीची रेश्मा पुणेकर भारताच्या महिला संघातून खेळली तेव्हापासून घरच्या माणसांनाही पिचर, कॅचर हे शब्द ओळखीचे झाले. मुलं मोबाइलवर अमेरिकेतल्या मेजर लीगचे सामने पाहतात. त्या सामन्यांत एक माणूस अधूनमधून दिसतो आणि त्याच्याविषयी जे काही कानावर येतं, त्यातलं बरंचसं चुकीचं असतं. मैदानाच्या कडेला, कुंपणाआड तो उकिडवा बसून चेंडू पकडत असतो. धावफलकावर त्याचं नाव नसतं, तो फलंदाजीला येत नाही, अंगावर मात्र संघाचाच पोशाख असतो. हा बुलपेन कॅचर.

बुलपेन म्हणजे राखीव पिचरांनी हात गरम करायची जागा. सामना सुरू करणारा पिचर दमला किंवा मार खाऊ लागला की डगआउटमधून (संघाच्या बसायच्या जागेतून) बुलपेनमध्ये फोन खणखणतो : अमक्याला तयार करा. तो अमका उठून तिथल्या माउंडवर, म्हणजे पिचरच्या उंचवट्यावर, चढतो. समोर साठ फूट सहा इंचांवर, म्हणजे १८.४४ मीटरवर, बुलपेन कॅचर बसलेला असतो. पुढच्या काही मिनिटांत त्या हाताला सामन्याच्या वेगावर आणायचं असतं.

‘मुख्य कॅचरच्या बोटाला लागलं तर हाच आत जाणार ना?’ हा पहिला आणि सर्वांत पसरलेला समज. तो आत जात नाही, जाऊ शकत नाही. मेजर लीगच्या संघाच्या चालू यादीत २६ खेळाडू असतात आणि मैदानात उतरायचा हक्क फक्त त्यांनाच असतो. त्यांत कॅचर सहसा दोन. बुलपेन कॅचर या यादीत नसतो. तो प्रशिक्षक, फिजिओ यांच्यासारखा संघाच्या चाकरीतला माणूस आहे. दोन्ही कॅचर एकाच दिवशी जायबंदी झाले तर दुसऱ्याच जागेवरचा एखादा खेळाडू अंगावर पॅड चढवून प्लेटमागे बसतो, आणि रोज शेकडो चेंडू पकडणारा हा माणूस कुंपणाआडच राहतो. त्याला खेळवायचंच असेल तर संघाला त्याच्याशी खेळाडू म्हणून रीतसर करार करून त्याला यादीत घ्यावं लागतं.

मग यादीतला दुसरा कॅचरच हे काम का करत नाही? हंगामात १६२ सामने असतात, तेही सहा महिन्यांत. कॅचरचे गुडघे आणि डाव्या हाताचा अंगठा हे संघाचं भांडवल असतं, ते बुलपेनमध्ये झिजवून चालत नाही. शिवाय पुष्कळदा एकाच वेळी दोन पिचर गरम करावे लागतात, एक उजवा आणि एक डावखुरा, कारण पुढे कोणता फलंदाज येणार हे समोरचा संघ ठरवणार असतो. म्हणून बहुतेक संघ बुलपेनसाठी वेगळी माणसं ठेवतात.

आता दुसरा समज, ज्याचं मला खरोखर वाईट वाटतं : ‘नुसता चेंडू तर पकडायचाय, एवढा मोठा ग्लोव्ह आहे की!’

बेसबॉलचा चेंडू १४२ ते १४९ ग्रॅमचा, क्रिकेटच्या चेंडूपेक्षा थोडा हलका. पण तो टप्पा पडून येत नाही, थेट येतो. ताशी दीडशे किलोमीटरच्या वेगाने सुटलेल्या चेंडूला कॅचरपर्यंत पोहोचायला सुमारे ०.४ सेकंद लागतात. तेवढ्यात तो खाली बुडतो, बाजूला सरकतो किंवा शेवटच्या क्षणी कट मारतो. कॅचरचा ग्लोव्ह, ज्याला मिट म्हणतात, मोठा असतो हे खरं, पण त्यात बोटांसाठी वेगळे कप्पे नसतात. चेंडू झेलायची जागा म्हणजे अंगठा आणि पहिलं बोट यांच्यामधली खोलगट खाच. चेंडू तिथे बसला तर हाताला काही होत नाही. दोन बोटं इकडेतिकडे झाला की तळव्याला झिणझिण्या येतात आणि अंगठा उलटा मुरगळतो.

शिवाय नेमका त्या खाचेत बसलेला चेंडू ‘फट्ट’ असा कोरडा, टणक आवाज करतो. तळव्यावर आपटलेला चेंडू नुसता ‘थप’ करून राहतो. माउंडवरच्या पिचरला हा फरक लगेच ऐकू येतो. चार चेंडू ‘थप’ करत गेले की त्याला वाटायला लागतं, आज हातात जीव नाही. म्हणून चांगला बुलपेन कॅचर प्रत्येक चेंडू त्या खाचेत घेण्यासाठी धडपडतो. आत जाणाऱ्या पिचरचं मन सावरण्याचं काम त्या आवाजात होत असतं. पिचरची खोटी समजूत मात्र तो घालत नाही. चेंडू मुळात चांगला पडला नसेल तर तेही त्याला सांगावं लागतं.

बुलपेनमध्ये कॅचर बोटांनी खुणा करत नाही, इथे खूण पिचर करतो. ग्लोव्ह समोर झटकला की सरळ वेगवान चेंडू, मनगटातून खाली वळवला की कर्व्ह, बाजूला फिरवला की स्लायडर. पुढे काय येतंय हे कॅचरला ठाऊक असतं. सोपं वाटेल, पण त्याचं खरं काम इथूनच सुरू होतं. येणारा चेंडू कसा वागायला हवा हे माहीत असल्यामुळे, तो तसा वागला नाही तर का वागला नाही, हे त्यालाच सांगायचं असतं. स्लायडर उशिरा वळायच्या ऐवजी हातातून सुटल्यासुटल्या वळतोय का? खांदा लवकर उघडतोय का? कालच्यापेक्षा चेंडू वीतभर वर का राहतोय? आज बऱ्याच बुलपेनमध्ये चेंडूचे फेरे मोजणारी यंत्रं आणि अतिवेगवान कॅमेरे आहेत. त्यांचे आकडे प्रशिक्षकाच्या हातातल्या टॅबवर दिसतात. पण त्याच पिचरचे हजारो चेंडू ज्याने झेलले, त्याच्या तळव्याला जे कळतं ते आकड्यांच्या आधी कळतं. पिचर आधी त्याच्याकडे बघतो, मग टॅबकडे.

याचं सर्वांत बोलकं उदाहरण न्यूयॉर्क यँकीजच्या मारियानो रिव्हेराचं. रिव्हेराच्या नावावर ६५२ सेव्ह (थोडक्या आघाडीचा सामना शेवटी येऊन राखणं) आहेत आणि २०१९ साली हॉल ऑफ फेममध्ये एकमताने निवडला गेलेला तो पहिला खेळाडू. त्याचं सगळं आयुष्य एका चेंडूवर उभं राहिलं, तो म्हणजे कटर. सरळ वाटणारा आणि फलंदाजाने बॅट घातल्यावर सरकणारा हा चेंडू. १९९७ च्या उन्हाळ्यात डेट्रॉइटला सहकारी रामिरो मेंडोझाबरोबर फेकाफेक करताना रिव्हेराचा चेंडू आपोआप वळायला लागला. त्याने मुद्दाम काही केलेलं नव्हतं. पिचिंग प्रशिक्षक मेल स्टॉटलमायर आणि बुलपेन कॅचर माइक बोर्झेलो यांच्याबरोबर तो हे वळण घालवायच्या मागे लागला, कारण सरळ टाकायचा चेंडू सरळ जात नाही म्हणजे काहीतरी बिघडलं असाच अर्थ तेव्हा निघत होता. वळण काही जाईना. शेवटी त्यांनी ते तसंच राहू दिलं आणि बेसबॉलच्या इतिहासातला एक अत्यंत घातक चेंडू जगासमोर आला. त्या वळणावर काम चालू होतं तेव्हा समोर मिट धरून बसलेला माणूस बुलपेन कॅचर होता.

बोर्झेलोच्याच निमित्ताने तिसऱ्या समजाकडे येऊ : ‘खेळाडू म्हणून जमलं नाही, म्हणून हे काम पत्करलं.’ खेळाडू म्हणून बोर्झेलो मायनर लीगच्या, म्हणजे मेजर लीगखालच्या पातळीच्या, पुढे गेला नाही, हे खरं. पण यँकीजने १९९६, १९९८, १९९९ आणि २००० साली जागतिक मालिका (मेजर लीगचं विजेतेपद) जिंकली तेव्हा तो त्या संघाबरोबर होता. पुढे तो शिकागो कब्सचा प्रशिक्षक झाला. २०१६ साली कब्सनी १०८ वर्षांनी जागतिक मालिका जिंकली, तेव्हा समोरच्या फलंदाजांचा अभ्यास करून आपल्या पिचरांची आखणी करण्यात त्याचा मोठा हात होता. याला ‘जमलं नाही’ म्हणायचं असेल तर मग जमलं कुणाला म्हणायचं?

आपल्याकडच्या तालमीत हे समजावून सांगावं लागत नाही. मैदान गाजवणाऱ्या पैलवानाबरोबर रोज पहाटे सरावाची कुस्ती धरणारा जोडीदार किती मोलाचा असतो, हे इंदापूरच्या कुठल्याही वस्तादाला विचारा. त्याला पैलवानाचा प्रत्येक डाव माहीत असतो. कुठे धरायचं, किती जोर लावायचा आणि कुठे सोडायचं हेही माहीत असतं. बुलपेन कॅचरही पिचरला थकवत नाही, तयार करतो.

या कामाकडे येण्याच्या वाटा अनेक आहेत. कुणी मेजर लीगमध्ये खेळून निवृत्त झाल्यावर इकडे वळतो. सॅन फ्रान्सिस्को जायंट्सचा एलाय व्हाइटसाइड हा २०१० च्या विजेत्या संघातला खेळाडू, पुढे त्याच संघाच्या बुलपेनमध्ये कॅचर म्हणून आला. त्याच बुलपेनमधला ताइरा उएमात्सु याची वाट अगदी वेगळी. तो जपानचा. अमेरिकेत शिकायला गेला, फिजिओच्या कामाची उमेदवारी करता करता मायनर लीगच्या संघात शिरला, तिथे पिचरांचे चेंडू झेलायला लागला, आणि २००८ पासून जायंट्सचा बुलपेन कॅचर झाला. व्यावसायिक खेळाडू म्हणून तो एकही सामना खेळलेला नाही. जायंट्सने २०१०, २०१२ आणि २०१४ साली जागतिक मालिका जिंकली, त्या तिन्ही वेळा तो संघाबरोबर होता. उएमात्सुचं नाव मी आपल्या मुलांना आवर्जून सांगतो. परक्या देशातून आलेला, भाषेपासून सगळं नव्याने शिकलेला मुलगा केवळ झेलण्याच्या कसबावर आणि पिचरांच्या विश्वासावर तिथे टिकला.

विश्वासाबद्दल थोडं. बुलपेनमध्ये पिचर जे बोलतात ते मैदानात बोलत नाहीत. कोपर दुखतंय, पण प्रशिक्षकाला सांगितलं तर बाहेर बसवतील. कालचा होम रन डोक्यातून जात नाही. तिकडे घरी कुणी आजारी आहे. यातलं काय स्वतःजवळ ठेवायचं आणि काय संघाच्या डॉक्टरपर्यंत न्यायलाच हवं, हे ठरवणं या कामातलं सर्वांत अवघड कलम आहे असं मला वाटतं. दुखणं लपवलं तर पिचरचा हात जातो आणि मन उघडं पाडलं तर पिचर पुन्हा बोलत नाही. याचं शिक्षण कुठल्या पुस्तकात मिळत नाही.

सामन्याचे तीन तास हेच त्याचं काम, हाही एक समज. संध्याकाळी सातच्या सामन्याला तो दुपारीच मैदानावर असतो. ज्या पिचरचा आज सामना नाही, पण दोन-तीन दिवसांनी आहे, त्याचं सराव सत्र त्यालाच झेलायचं असतं. दुखापतीतून बाहेर येणाऱ्या पिचरबरोबर आधी सपाट जमिनीवर हळू फेकाफेक, मग अंतर वाढवत जाणं, मग माउंडवर पंधरा-वीस चेंडू. मग फलंदाजांच्या सरावात मदत. सामना सुरू झाल्यावर दोन डावांच्या मध्ये जवळच्या आउटफिल्डरबरोबर चेंडू टाकून त्याचा हात गरम ठेवणं. आणि फेब्रुवारीच्या मध्यावर फ्लोरिडा आणि ॲरिझोनात वसंत शिबिरं सुरू होतात, तेव्हा सगळ्यांत आधी बोलावणं येतं ते पिचर आणि कॅचर यांना. शिबिरात पिचरांची संख्या नेहमीपेक्षा कितीतरी जास्त असते आणि प्रत्येकाला समोर कुणीतरी बसलेलं हवं असतं. गुडघ्यांचा कस तिथेच लागतो.

या सगळ्या झेललेल्या चेंडूंची नोंद धावपुस्तकात होत नाही. पुष्कळदा तर फोन येतो, पिचर घाम येईपर्यंत तयार होतो, आत खेळ पालटतो आणि त्याला परत बाकावर बसवतात. त्या संध्याकाळी तो पिचर खेळला नाही असंच पुस्तक सांगतं. हाताने मात्र तीस चेंडू टाकलेले असतात. उद्या त्याला पुन्हा वापरायचं का, हे ठरवताना बुलपेनमध्ये बसलेल्यांचं म्हणणं म्हणूनच मोलाचं ठरतं.

पैशाबद्दल दोन्ही टोकांचे समज ऐकू येतात. कुणाला वाटतं मेजर लीग म्हणजे कोट्यवधीच. मेजर लीगमधल्या खेळाडूचं किमान वेतन २०२५ साली वर्षाला ७ लाख ६० हजार डॉलर होतं हे खरं, पण तो करार खेळाडूंचा. बुलपेन कॅचर त्यात बसत नाही, त्याची नोकरी संघाबरोबरची साधी नोकरी असते आणि पगार त्या आकड्याच्या जवळपासही जात नाही. उलट काहींना वाटतं, हा फुकट राबणारा हौशी माणूस. तेही खोटं. त्याला पगार असतो, संघाबरोबर प्रवास असतो, जिंकल्यावर अंगठी मिळते. हंगामोत्तर फेऱ्यांच्या बक्षिसाची रक्कम कुणाकुणात वाटायची हे खेळाडू मतदान करून ठरवतात आणि बुलपेन कॅचरला त्यातून वाटा देण्याची पद्धत रुळलेली आहे. नोकरीची शाश्वती मात्र कमीच. व्यवस्थापक बदलला की भोवतीची माणसंही बदलतात.

‘हे पुरुषांचंच काम’ हा समज २०२२ साली मोडला. अमेरिकेतल्या अटलांटिक लीगमध्ये केंटकी वाइल्ड हेल्थ जीनोम्स या संघाने खेळाडूंच्या निवडीत अलेक्सिस हॉपकिन्स या तरुणीला घेतलं, तेही बुलपेन कॅचर म्हणून. अमेरिकन व्यावसायिक बेसबॉल संघाने निवडीत घेतलेल्या अगदी मोजक्या महिलांपैकी ती एक. तिचा पाया सॉफ्टबॉलचा होता. हे महाराष्ट्रात सांगायलाच हवं, कारण आपल्याकडे मुलींचे सॉफ्टबॉल संघ बेसबॉलच्या कितीतरी आधीपासून आहेत आणि त्या संघांत उत्तम झेलणाऱ्या मुली आहेत. चेंडूचा आकार वेगळा, बैठक आणि नजर तीच.

आता आपल्याकडची बाजू. भारतातून बेसबॉलकडे वळण्याची गोष्ट निघाली की रिंकू सिंग आणि दिनेश पटेल ही नावं येतात. उत्तर प्रदेशातले हे दोन भालाफेकपटू २००८ साली ‘मिलियन डॉलर आर्म’ या स्पर्धेतून पुढे आले, त्याच वर्षी पिट्सबर्ग पायरेट्सने त्यांना करारबद्ध केलं, आणि २०१४ साली त्यांच्यावर सिनेमाही आला. सिनेमा पाहून अनेकांना वाटतं की ते मेजर लीगमध्ये खेळले. ते मायनर लीगमध्ये खेळले, आणि तेवढंही फार मोठं होतं. या गोष्टीचा आपल्याकडे एक परिणाम असा झाला की ज्याचा हात जोरात चालतो तो प्रत्येक मुलगा पिचर व्हायला बघतो. झेलायला कुणी तयार नसतं. कॅचरच्या जागेवर मग उरलेल्याला बसवतात.

भारतात पगारी बुलपेन कॅचर ही नोकरी आज नाही, ते स्पष्टच सांगितलेलं बरं. पण अशा माणसाचं मोल काय, हे आपल्या क्रिकेटने अलीकडे ओळखलंय. कर्नाटकातल्या कुमठ्याचा राघवेंद्र, सगळ्यांचा रघू, २०११ पासून भारतीय संघाबरोबर आहे. हातातल्या साइडआर्मने, म्हणजे चेंडू फेकायच्या लांब दांड्याच्या साधनाने, तो नेटमध्ये ताशी दीडशे किलोमीटरच्या आसपास चेंडू फेकतो. २०२० साली तमीम इक्बालशी गप्पा मारताना विराट कोहलीने सांगितलं होतं की २०१३ पासून वेगवान गोलंदाजी खेळण्यात संघाची जी प्रगती झाली, तिचं श्रेय रघूला आहे. त्याच्या जोडीला श्रीलंकेचा डावखुरा नुवान सेनेविरत्ने आणि बंगालचा दयानंद गरानी आले. चेंडू फेकणं आणि चेंडू झेलणं ही कामं उलटसुलट असली तरी जात एकच : दुसऱ्याची तयारी हाच ज्यांचा पेशा.

म्हणून आपल्या शाळा-कॉलेजांच्या संघांत बुलपेन कॅचरचं काम करणाऱ्या मुलाकडे जरा वेगळ्या नजरेने पाहायला हवं. सामना चालू असतो, पुढचा पिचर कडेला हात गरम करत असतो आणि त्याच्यासमोर कुणीतरी बसलेलं असतं. बहुतेक संघांकडे मुखवटा, छातीचं पॅड आणि पायाचे पॅड यांचा एकच संच असतो आणि तो मैदानातल्या कॅचरच्या अंगावर असतो. कडेला बसणारा मग नुसता मिट घालून बसतो. ‘सरावच तर आहे’ असं म्हणून हे चालवून घेतलं जातं, आणि सगळ्यांत धोकादायक गैरसमज हाच आहे. सरावातल्या चेंडूचा वेग सामन्यातल्या चेंडूइतकाच असतो. उलट हात अजून जुळलेला नसल्यामुळे तो जास्त भरकटतो आणि समोर टप्पा खाऊन थेट तोंडावर उसळतो. अमेरिकेतल्या शालेय बेसबॉलच्या नियमांत पिचरला कुठेही गरम करणाऱ्या विद्यार्थ्याला, मग ते मैदान असो की बाजूची जागा, मुखवटा घालणं सक्तीचं आहे. मुलांना जांघेचं संरक्षक कवचही.

पुढच्या हंगामाच्या खरेदीत बॅटी कमी आल्या तरी चालेल. एक मुखवटा, गळ्याच्या पट्टीसकट, आणि कॅचरचा एक जादा मिट तेवढा यादीत घाला.